रायसिंगरची हजेरी

साखर कारखान्याच्या प्रयोगशाळेत तीस वर्षं काढलेला माणूस मी. भुताखेतांच्या गप्पा निघाल्या की उठून जातो. त्यामुळे हे सांगताना माझीच मला लाज वाटते, पण सांगतो.

आमच्या बेलापूरच्या नाट्यमंडळात एक रीत आहे. शेवटचा पडदा पडला की नटाला त्याच्या खऱ्या नावाने हाक मारायची. त्याने ओ दिली की मगच खोबरेल लावून रंग उतरवायचा. तोवर तो भूमिकेतच आहे, असं जुनी मंडळी मानायची. हाक मारायचं काम माझं. मला त्यात काडीचाही अर्थ वाटत नसे, तरी मारायचो.

यंदा माझा भाचा धवल एकपात्री करत होता, रायसिंगर नावाच्या ऑस्ट्रियन नटाचं आयुष्य. व्हिएन्नाच्या रंगभूमीवरचा देखणा नायक, पुढे मूकपट, मग बोलपट, हारतुरे. नाटक घेऊन हिंदुस्थानात आला आणि महायुद्ध पेटलं. शत्रूचा माणूस म्हणून इंग्रजांनी त्याला नगरच्या छावणीत तारेआड टाकलं. तिथेही गडी नाटकं करत राहिला. पुढे सुटला की मेला, कुठेच सापडत नाही. म्हणून धवलने शेवट छावणीतल्या संध्याकाळच्या हजेरीवर केला होता. विंगेतून मी ओरडायचो, "रायसिंगर!" तो टाचा जुळवून म्हणायचा, "हजर." पडदा.

नगरलाच, भिंगारकडच्या जुन्या सभागृहात रविवारी दुपारी प्रयोग झाला. पोरगं असं रंगलं की मी विंगेतून धावलो, त्याला मिठी मारली. माझ्या जिभेला हाड नाही. म्हणालो, "वा, रायसिंगरसाहेब!"

"ओ," धवल म्हणाला.

आम्ही दोघंही हसलो. मी खोबरेलाची बाटली उघडली.

गाडीत राहुरीपर्यंत त्याने हात खिडकीबाहेरच ठेवला होता. "किती मोकळं आहे," एवढंच बोलला. घरी प्रणिताने, त्याच्या बायकोने, दारातूनच सांगितलं, "धवल, पाय धुऊन ये." त्याने वळूनही पाहिलं नाही.

आठवड्याने तिनेच मला बोलावलं. तिला आठवा महिना होता.

"मामा, चांगले वागतात हो. पाहुण्यासारखे. काल विचारलं, तुमचं नाव काय म्हणालात?"

डॉक्टर म्हणाले, ताण आहे. धवल दिवसभर पाटाच्या कडेने चालायचा, छपराखाली टिकायचा नाही. नगरला चल म्हटलं, तर गाडीचं दार दोन्ही हातांनी धरून बसला.

"मला माझा नवरा आणून द्या," प्रणिता म्हणाली. "बाळ यायच्या आत."

चूक माझी होती, खऱ्या नावाने हाक मारायची राहिली होती. मी एकटाच गेलो. वॉचमन छगनने सभागृह उघडलं. झरोक्यांतून ऊन येत होतं, खुर्च्यांवर धूळ होती. विंगेत नेहमीच्या जागी उभा राहून मी हाक मारली, "धवल!"

"ओ, मामा."

मागच्या पडद्याआडून. मी पडदा सारला. नुसती भिंत. हात लावून पाहिली, गार होती.

"बाहेर ये रे."

"तार आहे, मामा."

छगनने कुलूप खाली ठेवलं. "म्या काय आयकलं न्हाई," तो म्हणाला. मी त्याला काही विचारलंच नव्हतं.

तेव्हापासून रोज जातो. पहिल्या एसटीने निघतो, हाका मारतो, परत येतो. मुलगी झाली ते सांगितलं. नाव दिशा ठेवलं तेही सांगितलं. बराच वेळ नुसतं रडणं ऐकू आलं. मीही भिंतीला टेकून रडलो. ओ रोज थोडी लांबून येऊ लागली.

घरी तो पाळण्याची दोरी हलवतो आणि परक्या भाषेत गुणगुणतो. पोर शांत झोपते.

काल पहिली एसटी चुकली, दुपारी चारला पोचलो. विंगेत उभा राहिलो.

"धवल!"

मी भिंतीला कान लावला.

मग भिंतीपलीकडे, खडीवर टाचा जुळल्या.

"हजर," तो म्हणाला.