हर्सूलची चिंच

पाणचक्कीच्या हौदापाशी एक म्हातारा माझ्या मरहूम अब्बांविषयी धडधडीत खोटं सांगत होता, आणि एक तरुण ते मन लावून वहीत उतरवत होता. मला राहवलं नाही. बुरख्याआडूनच म्हणाले, "शायर निजामुद्दीन विडी ओढत नव्हते. मी त्यांची लेक अजरा."

त्यानं वर पाहिलं... आणि लिहिलेलं पान फाडून टाकलं. तिथंच माझं बिघडलं.

फारूख त्याचं नाव. अब्बांचं चरित्र लिहायला पैठणहून आला होता. मग दर जुम्मेरातीला तो आमच्या बैठकीत, मी बांबूच्या चिकाच्या पडद्याआड, शेजारी अम्मी सुपारी कातरत. आणि प्रश्न तरी किती? अब्बा कुठल्या कुशीवर झोपायचे? पहिली कविता केली ती तारीख हिजरी, फसली, इसवी, तिन्ही सनांत सांगा. एकच प्रश्न तीन-तीनदा. जीव नकोसा केला होता मेल्यानं.

"आत्ता हसलात का?" तो पडद्याकडं बघून विचारी.

"चरित्र माझं आहे का?"

"नाही... पण तळटीप तर द्यावी लागेल."

पावसाळा सरत आला, तेव्हा एकदा तो म्हणाला, "संपले प्रश्न. पुढच्या आठवड्यात हैदराबादला छापखान्यात देतो. आता नाही त्रास देणार."

मी पडद्याजवळ सरकले. तोंडातून निघून गेलं, "शेवटची कविता राहिली की. हर्सूलच्या तळ्याकाठी, चिंचेखाली बसून लिहिली अब्बांनी."

झालं. स्वारी सायकलवरून हर्सूलला. "चिंचा सात आहेत. कुठली?" पुढच्या खेपेला सातही खोडांचे घेर मोजून आणले. मग गावातल्या म्हाताऱ्यांच्या साक्षी. एका विडीवरून भांडणारी मी, अन् अब्बांच्या आयुष्यात अख्खं झाड लावून बसले होते. मला माझीच लाज वाटू लागली. चौथ्या खेपेला तो म्हणाला, "शेवटचं प्रकरण चिंचेपासूनच सुरू करतो," तेव्हा मी हरले.

"नका लिहू. चिंच नाही कुठली. मी... बनवून सांगितलं."

"ठाऊक आहे," तो शांतपणे म्हणाला. "शेवटची दोन वर्षं ते पलंगावरून उठले नव्हते. तुम्हीच सांगितलंत, तिन्ही तारखांसकट."

"मग चार फेऱ्या कशाला मारल्या?"

"काय सापडलं ते सांगायला... इथं यायला मिळायचं."

रागानं की कशानं, माझे कान तापले. अम्मीनं अडकित्ता खाली आपटला. "मेलेल्याचं समदं इचारून झालं, बाबा. आता जित्या माणसाला काय इचारायचं ते इचार. लई दिवस झाले, माझी सुपारी बी सरली."

पलीकडं तो खाकरला. "विचारू?"

"विचारा," मी म्हणाले. "पण एकदाच. तीनदा विचारलंत, तर नाही म्हणेन."

त्याचा प्रश्न अर्ध्यावर असतानाच मी हो म्हणून मोकळी झाले.