एक हृदय गमवा ना, मॅडम!

"हनुवटी इथे टेकवा, कपाळ पुढे घ्या आणि हलू नका," मी म्हटलं. तेवढ्यात टेबलावरचा फोन पुन्हा एकदा कुरकुरला आणि त्यावर लाल अक्षरं उमटली. ॲप बसवता आलं नाही.

"मेल्या!" माझ्या तोंडून निघून गेलं.

"मी?" मशीनमागून आवाज आला.

"तुम्ही नाही हो, फोन! तुम्ही खालची ओळ वाचा."

"वाचतो... पण मॅडम, तो फोन तापलाय. तापलेल्या फोनचा वास मला झोपेतही कळतो."

मला भिंगातून त्याचा एकच डोळा दिसत होता. केवढा तरी मोठा, तपकिरी आणि हसरा. चष्म्याच्या दुकानात डोळे तपासायचं माझं काम, दिवसभर शेकडो डोळे बघते मी. पण हा डोळा उलट मलाच तपासत होता, आणि मला राग आला. माझ्या नाकावर राग असतोच म्हणा, शोधायला लागत नाही.

तो रस्त्यापलीकडच्या गल्लीतला मोबाईल दुरुस्त करणारा निघाला. दिवसभर बारीक स्क्रू बघून डोळे दुखतात म्हणून आला होता. डोळे ठणठणीत होते. शर्टाचं वरून दुसरं बटण मात्र तुटलेलं होतं, आणि तिथे त्याने चक्क सिम काढायची पिन अडकवली होती!

"एवढं काय बसवताय?" त्याने विचारलं.

"गेममधले आकडे बदलायचं टूल," मी पुटपुटले.

"आईशप्पथ! मॅडम गेममध्ये लबाडी करतात?"

"माझ्यासाठी नाही. बाबांसाठी."

आणि काय झालं कोण जाणे, मी त्या अनोळखी माणसाला सगळं सांगून टाकलं. बाबा शिंपी. मेंदूत गुठळी झाली आणि त्यांचा उजवा हात लुळा पडला. डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं की हेच महिने महत्त्वाचे, आत्ता बोटं हलवली तर हलतील, नाहीतर आखडून बसतील ती कायमची. रबरी चेंडू दाबायला दिला तर बाबा तो खिडकीबाहेर भिरकावायचे, तोही डाव्या हाताने. एकाच गोष्टीत ते रमायचे, फोनवरच्या फुग्यांच्या गेममध्ये. सांगितलेल्या रंगाचा फुगा वर निसटायच्या आत बोटाने फोडायचा. पण बाबांचं बोट पोहोचेपर्यंत फुगा कधीच गेलेला असायचा. खेळायला पाच हृदयं मिळायची, फुगा निसटला की एक जायचं, आणि पाचही बघता बघता संपायची. मग ते फोन पालथा घालून म्हणायचे, "मी आता कामाचा राहिलो नाही गं."

ते वाक्य मला ऐकवायचं नाही. म्हणून व्हिडिओ बघून बघून मी हा खटाटोप मांडला होता.

त्याचं हसू मावळलं. "गेम ऑफलाइन आहे ना? दुसऱ्या कुणाशी खेळायचा नाही?"

"नाही. एकट्याचाच."

"मग कुणाचं काही जात नाही. संध्याकाळी फोन घेऊन या. आणि तोवर कुठूनही काहीही उतरवू नका हं... तुम्ही बसवलेल्यातली निम्मी ॲप्स चोर आहेत."

त्याचं दुकान म्हणजे एक काउंटर, एक दिवा आणि डाख लावल्याचा वास. आधी त्याने मी घातलेला सगळा कचरा काढून टाकला. मग फोनमध्ये एक ॲप बसवलं. त्याच्या भाषेत, फोनच्या आत एक वेगळी खोली. गेम त्या खोलीत ठेवला, टूलही त्याच खोलीत. फोनच्या बाकीच्या घराला धक्का नाही. गेम उघडल्यावर कोपऱ्यात टूलचं गोल चिन्ह तरंगायला लागलं.

"आता बघा. तुमच्याकडे हृदयं पाच. मी टूलला सांगतो, पाच शोध." त्याने पाच टाकले आणि फोनने हजारो जागा दाखवल्या.

"अगंबाई! यातली आपली कुठली?"

"तेच तर शोधायचं. तुम्ही एक हृदय गमवा, मी चार शोधतो. ज्या जागेचा आकडा पाचाचा चार झाला, ती आपली."

मी खेळायला घेतलं. निळा फुगा फोडला. लाल फोडला. हिरवा... तोही फोडला. माझी बोटं थांबेचनात.

"मॅडम, हरायचंय."

"हो हो, कळतंय." पुन्हा एक पिवळा फोडला.

"अहो, तुम्ही जिंकत राहिलात तर आकडा बदलणार कसा?"

"मला मुद्दाम हरता येत नाही! लहानपणापासून नाही येत!"

तो काउंटरवर कोपर टेकून वाकला. डोळ्यांत तीच मघाची चमक. "एक हृदय गमवा ना, मॅडम... एवढं काय त्यात?"

मी वर पाहिलं. तोही पाहत होता... आणि एक निळा फुगा आरामात वर निघून गेला.

"चार!" तो ओरडला. माझे कान तापले. या वेळी तापलाय तो फोन, असं म्हणायची सोयच नव्हती.

असं करत करत हजारो जागांच्या शेकडो झाल्या, शेकडोंच्या चार-दोन, आणि शेवटी एकच जागा उरली. तिथे त्याने नव्व्याण्णव टाकले आणि आकडा गोठवून ठेवला. आता कितीही चुका, हृदयं नव्व्याण्णव ती नव्व्याण्णवच. मी तरंगतच घरी गेले.

बाबा त्या दिवशी खेळले. दुसऱ्या दिवशी खेळले. तिसऱ्या दिवशी त्यांनी फोन शिलाई मशीनच्या खणात टाकला आणि खण बंद केला.

"काय झालं, बाबा?"

"हा माझी कीव करतोय. मी चुकतो तरी चुकलास म्हणत नाही. शिवणीत टाका सुटला आणि गिऱ्हाईक म्हणालं, वा वा, छान... तर समजायचं की ते पुन्हा दुकानात यायचं नाही."

मी कितीही समजावलं तरी खण उघडला नाही. चेंडूही नाही, गेमही नाही. हात मांडीवर नुसता पडून राहायला लागला. डॉक्टरीणबाईंनी बोटं दाबून पाहिली आणि नुसताच सुस्कारा सोडला. माझ्या तोंडचं पाणी पळालं.

मी तणतणत गल्लीत गेले आणि सगळा राग त्या बिचाऱ्यावर काढला. "तुमच्या त्या नव्व्याण्णव हृदयांनी माझ्या बाबांचं एकुलतं एक हृदय मोडलं!" असलंही काहीतरी बोलले. आठवलं की अजून लाज वाटते.

त्याने सगळं ऐकून घेतलं. हातातली सोल्डरिंगची कांडी खाली ठेवली. "चूक माझी आहे. गेम बघितला, पण तो खेळणारा माणूस बघितलाच नाही. मी भेटू त्यांना?"

तो आला. बाबांनी त्याला आपादमस्तक न्याहाळलं आणि नजर त्या पिनेवर जाऊन थबकली. "शिंप्याच्या घरात हे असं?"

"वेळ नाही मिळाला, काका."

"हं. बस, बिनबटण." झालं! तेव्हापासून आमच्या घरात त्याचं नाव बिनबटण.

तो बाबांच्या खुर्चीशेजारी जमिनीवर बसला. "काका, हृदयं पुन्हा पाचच करतो. चुकलात की जाणार, काही गय नाही. फक्त घड्याळ हळू करतो. फुगे सावकाश वर जातील. हात सुधारेल तसा वेग वाढवत नेऊ. चालेल?"

बाबांनी डाव्या हाताने उजवा हात उचलून मांडीवर नीट ठेवला. मग म्हणाले, "चालेल. पण वेग कधी वाढवलास ते मला सांगायचं नाही. हिलाही नाही, हिच्या पोटात काही राहत नाही."

"शब्द दिला, काका."

मी खण उघडून फोन आणून दिला. पहिला फुगा इतका सावकाश निघाला की बघतानाच जांभई यावी. बाबांचं बोट थरथरत उठलं, अडखळलं... आणि फुगा फुटला. त्यानंतर तीन हृदयं गेली, पण बाबा ओठ चावून पुढे खेळत राहिले. मी स्वयंपाकघरात जाऊन पदर नसल्यामुळे ओढणीत रडून घेतलं. माझा जीव भांड्यात पडला होता.

मग रोज संध्याकाळी दुकान बंद केलं की बिनबटण यायचा. फोन घेऊन खिडकीशी पाठमोरा उभा राहायचा, काहीतरी करायचा आणि बाबांना परत द्यायचा. मग चहा. मग गप्पा. मग बाबांचं त्याच्यावर ओरडणं... "बिनबटण, ती कॉलर बघ, कुणी शिवली रे? कसाई होता का?"

एकदा मी विचारलं, "मलाच शिकवा ना ते वेगाचं. रोज कशाला हेलपाटा?"

"ते जरा किचकट आहे," तो खिडकीबाहेर बघत म्हणाला.

"असेल बाई," मी म्हटलं. खरं सांगू? व्हिडिओत मी कधीच पाहिलं होतं. एक पट्टी बोटाने डावीकडे-उजवीकडे सरकवायची, झालं. पण मी म्हटलं, असेल बाई किचकट!

एका संध्याकाळी तो आला नाही. सर्दीने आवाज बसलाय असा निरोप आला. मला घर कसंतरीच वाटायला लागलं, आणि वाटतंय याचाच राग आला. बाबा फोन पुढे करून म्हणाले, "तूच बघ आज ते वेगाचं."

मी गेम उघडला. कोपऱ्यात ते गोल चिन्ह शोधलं. नव्हतं. त्या वेगळ्या खोलीत गेले, इकडेतिकडे पाहिलं. टूल नव्हतंच तिथे! नुसता गेम होता, गेमच्या स्वतःच्या वेगाने चालणारा.

"बाबा... जरा खेळून दाखवा."

फुगे सरसर वर निघाले. आणि बाबांचं बोट, तेच मांडीवर मेल्यासारखं पडून राहणारं बोट, टपाटप त्यांच्या मागे धावत सुटलं. निळा, लाल, हिरवा. एक हृदय गेलं. बाबांनी फोनला शिवी हासडली आणि पुढचा फुगा फोडला.

मी खाली बसले आणि त्यांच्या गुडघ्यावर डोकं ठेवलं. ते खेळायचे थांबले. उजवा हात माझ्या केसांवर आला, जरा जड, पण आला.

"वेडे, मला काय कळत नाही? कापड हातात घेतलं की ताण कळतो मला. फुगे कधीचे आपल्या खऱ्या वेगाने जातायत. तो बिनबटण रोज फोन घेतो, उलटासुलटा करतो आणि तसाच परत देतो."

"मग बोलला का नाहीत?"

"शब्द त्याने दिला होता ना, मी कशाला मोडायला लावू? आणि चहा तू बरा करतेस हल्ली."

दुसऱ्या दिवशी मी दुपारच्या सुट्टीत गल्लीत गेले. त्याचं नाक लाल, गळ्याला मफलर, आणि शर्टावर पिन.

"टूल कधी काढलंत?" मी दारातूनच विचारलं.

त्याच्या हातातला स्क्रू घरंगळत गेला. "...झाले बरेच दिवस."

"आणि मग रोज खिडकीशी उभं राहून काय करत होतात?"

"काच पुसत होतो. फोनची."

"रोज?"

"काकांच्या बोटांचे ठसे फार उमटतात हो आता," तो म्हणाला आणि हसला. मग हसू बाजूला ठेवून, बसलेल्या आवाजात म्हणाला, "काकांना शब्द दिला होता, हे खरं. पण तुम्हाला सांगितलं असतं तर... मला यायला कारण काय उरलं असतं?"

मला खूप काही बोलायचं होतं. त्याने माझ्या बाबांना नुसतं जिंकवलं नाही, त्यांचं हरणंही त्यांच्याकडे ठेवलं, आणि हे ऋण मी कधी विसरणार नाही, असं सगळं. पण बाहेर पडलं ते एवढंच, "संध्याकाळी या. बाबांनी बोलावलंय. काढा करून ठेवते."

संध्याकाळी बाबा मशीनपाशी बसले होते. आजारपणानंतर पहिल्यांदाच.

"शर्ट काढ," ते त्याला म्हणाले. तो बिचारा लाजून लाल झाला. मी बाबांची जुनी शाल दिली, ती गुंडाळून तो स्टुलावर आकसून बसला.

बाबांनी खणातून सुई काढली. मी दोरा ओवायला पुढे झाले तर माझ्यावर खेकसले. पहिल्यांदा दोरा चुकला. दुसऱ्यांदा चुकला. बिनबटणाने माझ्याकडे पाहिलं, मी त्याच्याकडे. इथे वेग कमी करायला कुठलीही पट्टी नव्हती. तिसऱ्यांदा दोरा गेला! बाबांनी उजव्या हातात सुई धरली आणि एक एक टाका घालत बटण लावलं. टाके वाकडे होते. मग दाताने दोरा तोडून त्यांनी बटण ओढून पाहिलं. जाम हललं नाही.

"घे," शर्ट त्याच्या अंगावर टाकत ते म्हणाले. "आता याला बिनबटण म्हणता यायचं नाही. काय हाक मारायची ते तू ठरव गं." आणि माझ्याकडे न बघता फोन घेऊन फुगे फोडायला बसले.

तो शर्ट घालून, सगळी बटणं लावून दारात उभा राहिला. बोट पुन्हा पुन्हा त्या बटणावर जात होतं. डोळे भरलेले होते, तरी चेष्टा सुटेना. "मग... आता माझं इथलं काम संपलं म्हणायचं."

"उद्या या," मी म्हटलं.

"काय बिघडलंय?"

"काहीच नाही." मी त्याच्या कॉलरची मुडपलेली बाजू नीट केली आणि हात तिथेच राहू दिला. "काहीही बिघडलेलं नसताना येत जा... मला आवडतोस तू."

आतून एक फुगा फुटल्याचा आवाज आला आणि पाठोपाठ बाबा ओरडले, "अगं, तो दारात काय उभा? जेवून जा म्हणावं त्याला!"