त्याच्या दातांचा साचा

दातांच्या लॅबमध्ये पेशंट कधी येत नाहीत. येतात ते त्यांचे दात — डबीत बसून, वर डॉक्टरांची चिठ्ठी चिकटवून. त्यामुळे त्या दुपारी दार ढकलून एक धिप्पाड माणूस आत शिरला, तेव्हा कवळीला पॉलिश करणाऱ्या काकांनी मशीनच बंद केलं, आणि शेजारी साचे ओतणारी ती प्लास्टरनं माखलेले हात तसेच हवेत धरून उभी राहिली.

"डॉक्टर आहेत?"

"डॉक्टर दुसऱ्या मजल्यावर. हा तिसरा."

"मग तुम्ही कोण?"

"मी दात बनवते."

"अरे वा! मी पाडतो." तो इतक्या प्रामाणिकपणे म्हणाला की तिला हसूच फुटलं.

पिंजऱ्यातला फायटर होता तो. ठोसे, लाथा, कुस्ती, सगळं एकाच लढतीत चालतं ना, त्यातला. एक कान सुजून कायमचा गोळा झालेला, भुवईवर टाक्यांची रेघ. आणि एवढ्या राकट चेहऱ्यात डोळे मात्र असे, की कोणी रागावलं तर लगेच पाण्यानं भरतील. लढताना दात वाचवायला तोंडात घालायचं त्याचं माउथगार्ड चावून चावून फाटलं होतं. तिनं त्याला माप द्यायला खाली पिटाळलं आणि संध्याकाळपर्यंत त्याच्या दातांचा प्लास्टरचा साचा तिच्या टेबलावर आला.

लोक माणसाला चेहऱ्यानं ओळखतात, ती जबड्यानं ओळखायची. वरचा उजवा सुळा किंचित तिरका. खालच्या एका दाताचा टवका उडालेला. माणूस रात्री दात खातो, म्हणजे वर कितीही हसला तरी आत काळजी आहे. एवढं सगळं तिला कळलं, आणि अजून त्याचा फोन नंबरही तिच्याकडे नव्हता!

दीड महिन्यानं स्वारी पुन्हा हजर. माउथगार्ड हरवलं म्हणे. तिनं निळं दिलं होतं, आता लाल केलं. तेही हरवलं. मग हिरवं. मग काळं. दर वेळी तो काकांच्या शेजारच्या स्टुलावर ऐसपैस बसायचा आणि दहा मिनिटांच्या कामाला तास लावायचा. कधीतरी 'तुम्ही'चं 'तू' झालं. कोणी आधी केलं यावर दोघांचं कधी एकमत झालं नाही.

पाचव्या खेपेला डॉक्टरांची चिठ्ठी काढायला तो बॅगेत वाकला, आणि बॅग कलंडली. निळं, लाल, हिरवं, काळं... चारही माउथगार्डं फरशीवर घरंगळत तिच्या पायाशी आली.

"हे काय?"

"सापडली... वाटतं."

"चारही? एकदम?"

"शोधाशोध नीट केली."

"खोटं बोलायला लाज नाही वाटत?"

"वाटते ना. म्हणून तर रोज नाही येत, दीड महिन्यानं येतो."

काकांनी मुद्दाम खोकून घेतलं. ती वाकून एकेक माउथगार्ड उचलू लागली, तोही वाकला, आणि हिरव्यावर दोघांचे हात एकदमच पडले. त्यानं हात काढला नाही. तिनंही नाही.

"आता आठ आठवडे येणार नाही," तो खालच्या आवाजात म्हणाला. "चॅम्पियनच्या पट्ट्याची लढत मिळालीय. उद्यापासून कॅम्प. कोच फोन कपाटात टाकून कुलूप लावतो. कोणाला भेटायचं नाही, कोणाशी बोलायचं नाही."

"अय्या! मग... छान झालं की."

"आठ वर्षं गोदामात खोकी उचलून सराव केलाय. वयानं बत्तिशी गाठली. पुन्हा कोणी बोलावणार नाही."

तिला पुष्कळ बोलायचं होतं. तोंडातून काय निघालं, तर, "दात सांभाळ." या वाक्यासाठी पुढे कित्येक दिवस तिनं स्वतःला शिव्या घातल्या.

सहा आठवडे कसे गेले ते तिचं तिलाच ठाऊक. जिन्यात जड पावलं वाजली की हातातलं मेण निवून जायचं. जुने साचे सहा महिन्यांनी फेकायची लॅबची रीत होती. त्याच्या साच्यावर तिनं 'फेकू नये' अशी चिठ्ठी लावली. काका म्हणाले, "बाई गं, जबडा जपून ठेवलास, पण माणसाचं काय?" तिनं मेणाचं भांडं पुढे ओढलं. माणसाचं काही जवळ असतं आणि माणूस नसतो, तेव्हा आठवण जास्तच छळते. दुपारी सगळे जेवायला गेले की ती त्या तिरक्या सुळ्यावरची धूळ बोटानं पुसायची, आणि मग आपलंच हसू येऊन कामाला लागायची.

लढतीला बारा दिवस असताना तो आला. कोचनं आज-उद्या अर्धा-अर्धा दिवस सोडलं होतं, शेवटचं माउथगार्ड करून घ्यायला. वजन उतरवून गालफडं बसली होती. खाली माप दिलं, वर येऊन दारातूनच हसला. ओठ मिटूनच.

"बोलत का नाहीस?"

"थकलोय गं. उद्या येतो."

मेणाच्या पट्टीवर घेतलेला त्याच्या चाव्याचा नवा ठसा तिनं जुन्या साच्यावर ठेवून पाहिला. बसेना. वाटलं, मेण वाकलं असेल. खालून दुसरी पट्टी मागवली, डॉक्टरांनी जास्तीची घेऊन ठेवली होती. तीही बसेना. मग नव्या मापाचाच साचा ओतला, वाळवला, वरचा-खालचा जबडा जुळवला. डावीकडच्या दाढा आधी टेकत होत्या आणि उजवीकडे अर्ध्या मिलिमीटरची फट राहत होती. चूक तिची नव्हती. दात तेच होते, फक्त ज्यावर ते उभे होते ते हाड सरकलं होतं.

दुसऱ्या दिवशी काकांना बाहेर पाठवून तिनं साचा त्याच्यापुढे ठेवला.

"तुझा जबडा मोडलाय."

"कोण म्हणतं?"

"तुझेच दात."

त्यानं साचा उचलून उजवीकडच्या फटीवर नख फिरवलं. "तीन आठवडे झाले. सरावात गुडघा लागला. सूपच पितोय तेव्हापासून. कोचला माहीत नाही."

"आणि लढतीआधीची तपासणी?"

"डोळे बघतात, रक्त बघतात. जबडा कोण बघतो?"

"मी बघितला."

"ऐक ना..." त्यानं तिचा हात धरला, प्लास्टरसकट. "जुन्या साच्यावर बनव. कोणाला कळणार नाही. एकच लढत."

"तिथेच पुन्हा ठोसा बसला तर?"

"बसू देणार नाही."

त्याचा हात गरम होता. तो इतका जवळ आजवर कधीच आला नव्हता, आणि आला तो हे मागायला. तिच्या ओठांवर एक वाक्य आलं होतं, सहा आठवडे घोळवलेलं. पण ते आत्ता म्हटलं तर ती अडवणूक झाली असती. माझ्यासाठी लढू नकोस, असं त्याच्या आठ वर्षांपुढे म्हणायचा तिला काय हक्क होता?

तिनं हात सोडवून घेतला. "मी नाही बनवणार. कोणाला सांगणारही नाही. सांगायचं की नाही, ते तू ठरव."

"दुकानात तयार मिळतात," तो उठत म्हणाला. "गरम पाण्यात घातलं की झालं." जिन्यातली पावलं उतरत उतरत बंद झाली.

मग जीव टांगणीला लागला. खाली डॉक्टरांकडे जाऊन सगळं सांगावं म्हणून ती दोनदा जिन्यापर्यंत गेली आणि दोनदा परतली. शब्द दिला होता. आणि शब्द पाळताना तो मेला तर, हा विचार आला की ती पुन्हा जिन्याकडे बघायची.

लढत शनिवारी दुपारी होती. काकांच्या फोनवर दोघं बघत बसले. निवेदकानं नाव पुकारलं आणि दिव्यांच्या झोतात भलताच कोणीतरी चालत आला. ऐन वेळी बदली, निवेदक म्हणाला. तिचा जीव भांड्यात पडला, आणि पाठोपाठ ती हुंदके देऊन रडायला लागली. त्याची आठ वर्षं आपलीच गेल्यासारखी रडली. काका नुसते पाठीवर हात ठेवून बसले.

मंगळवारी तो आला. गाल सुजलेले, वरचे-खालचे दात तारेनं एकमेकांना बांधलेले, हातात वही आणि पेन्सिल. त्याला बघताच काकांना अचानक चहाची तलफ आली.

तो स्टुलावर बसून लिहू लागला. अक्षर भलतंच वाईट होतं. 'सहा आठवडे तोंड बंद. नळीनं पितो.'

"दुखतंय?"

त्यानं मान हलवली. होय की नाही, कळलं नाही. मग पुन्हा लिहिलं, 'तयार गार्ड घेतलं. चावलं. जुळेना. रात्रभर तेच करत बसलो. सकाळी कोचला सांगितलं.'

"पट्टा?"

'दुसऱ्याला. मला पुन्हा बोलावतील असं वाटत नाही.' पेन्सिल थांबली. मग भराभर चालली. 'तू कोणाला सांगितलं असतंस, तर मी तुला कधी माफ केलं नसतं. नाही सांगितलंस, म्हणून मलाच सांगावं लागलं.'

तिनं ते दोनदा वाचलं. आता मात्र काही अडवायचं उरलं नव्हतं.

"मला तू आवडतोस," ती म्हणाली. "फार आवडतोस. त्या दिवशीच सांगायचं होतं. तुझ्या लढतीच्या आड यायला नको म्हणून गप्प बसले. पट्टा असो-नसो, पुढे लढ किंवा पुन्हा खोकी उचल... मला तू हवा आहेस."

त्याचे डोळे भरून आले. घशातून एक आवाज निघाला आणि तारेपाशी अडला. त्यानं घाईघाईनं पेन्सिल वहीला लावली.

तिनं कागदावर पांढरा तळहात ठेवला.

"लिहू नकोस," ती म्हणाली. "मला ऐकायचंय."

त्यानं पेन्सिल खाली ठेवली. मग सहा आठवडे कसे काढायचे या काळजीत दोघं एकमेकांकडे बघत बसून राहिले.