डावीकडे, खाली, माझ्याकडे

त्याची खोटी मिशी माझ्या मांडीत पडली, ती आमची पहिली भेट.

मी ब्लाझेना, झेक देशातल्या टाबोर गावच्या नाटकगृहातली प्रॉम्प्टर. रंगमंचाच्या पुढच्या कडेला, डाव्या अंगाला, फळ्यांखाली एक खोका, त्यात बसून नटांना विसरलेली वाक्यं कुजबुजत पुरवायची. त्या दिवशी विलेम कौडेला नावाचा नवा नट शिंकला आणि मिशी थेट खाली! तालीम थांबली. तो गुडघे टेकून माझ्या खोक्यात डोकावला.

“बाई, माझं काहीतरी तुमच्याकडे राहिलंय.”

“मिशी आहे. अक्कल काही सापडली नाही.”

तो इतका मोकळा हसला... की संहितेत कुठे होते तेच मी विसरले.

पुढे विसरायचं काम त्याने घेतलं. कधी पोस्टमन, कधी दारुडा. भूमिका चार ओळींची, आणि दुसऱ्याच ओळीला गाडी अडायची! मग मान डावीकडे, नजर खाली, माझ्यावर. मी कुजबुजायचे, तो म्हणायचा, लोक पोट धरून हसायचे. एकदा बिअर पिताना मी त्याला धारेवरच धरलं.

“एवढंसंसुद्धा पाठ होत नाही तुला?”

“सगळं पाठ असतं, ब्लाझेन्का.”

“मग?”

“तुझ्या ओठांवरून घेतलं की... गोड लागतं.”

“चल, चावट कुठला!”

गाल मात्र तापले होते माझे. दोन हिवाळे आम्ही तलावाकाठी हातात हात घालून फिरलो. मला त्याच्याशी लग्न करायचं होतं, दुसरं काही नको होतं.

मग प्रागचे सिनेमावाले आले. असाच चेहरा त्यांना हवा होता, पाहताक्षणी हसू आणणारा. मी त्याला सोडायला स्टेशनवर गेले. ओला बर्फ पडत होता, त्याच्या टोपीवर, माझ्या पापण्यांवर.

“ब्लाझेन्का, मी... म्हणजे, तू...” तो थांबला. मान डावीकडे, नजर खाली, माझ्यावर —

पुढची ओळ मला ठाऊक होती. अगदी ओठांवर आली होती. पण मी दात आवळून धरले. सगळ्यांची वाक्यं मीच पुरवत आले. हे एक तरी याने आपलं आपण म्हणावं की नाही? गार्डने शिट्टी दिली.

“...मफलर नीट गुंडाळ,” तो म्हणाला आणि डब्यात चढला. पुन्हा कधी आलाच नाही.

आता तो टीव्हीवर घराघरात दिसतो. कधी हवालदार, कधी वेटर, नेहमी कोपऱ्यातला. काल मालिकेत त्याला स्टेशनमास्तर केला होता. खानावळीतल्या विधवेला मागणी घालायची होती. मी नवऱ्यासाठी क्नेडलिकचा, म्हणजे उकडलेल्या कणकेचा, गोळा दोऱ्याने कापत होते.

पडद्यावर विलेम अडला. मान डावीकडे, नजर खाली... तिथे कुठला खोका असणार?

“काय थांबतो हा माणूस!” माझा नवरा लादिस्लाव मांडीवर थाप मारून हसला. “जातिवंत नट!”

माझे ओठ आपसूक हलले. “माझ्याबरोबर चल.”

“माझ्याबरोबर चल,” विलेम म्हणाला. ठणठणीत आवाजात, न चुकता. तिला.

“मेल्या, तेव्हा कुठे गेली होती रे ही ओळ?”

“काही म्हणालीस?” लादिस्लावने विचारलं.

“काही नाही. जेवा तुम्ही, निवतंय.”