काढून टाकलेला आवाज

लातूरला आमचा स्टुडिओ तळघरात आहे. वर झेरॉक्सचं दुकान, खाली आम्ही. भिंतींना फोम, दार जाड. आत बसलं की बाहेर भर दुपार आहे हे विसरायला होतं. मी मुळात दचकणारी. कुणी मागून खुर्ची सरकवली तरी छातीत धस्स होतं. पण त्या दिवशी काम होईपर्यंत उठायचं नाही, असं मी ठरवूनच बसले होते.

काम साधं होतं. माझे थोरले काका, नरसिंग त्यांचं नाव, कॉलेजात असताना त्यांचा एक रॉक बँड होता, ‘ठिणगी’. इलेक्ट्रिक गिटार, ड्रम आणि गाणी आपल्या मराठीत. लग्नाच्या शूटिंगवाल्यानं त्यांच्या एका कार्यक्रमाची फिल्म काढली होती आणि जुने लातूरकर अजूनही तिची आठवण काढतात. बँडचे ड्रमर रविकिरण सर आता कोचिंग क्लास चालवतात. ती फिल्म स्वच्छ, नव्या आवाजात पुन्हा थिएटरला लावायचं त्यांनी मनावर घेतलं आणि आवाजाचं काम माझ्याकडे आलं.

काकांचा तो शेवटचा कार्यक्रम. शेवटच्या गाण्यात लाईट गेली. काका गिटार ठेवून स्टेजमागं जनरेटर चालू करायला गेले. जनरेटर चालू झाला, लाईट आली, पब्लिक ओरडलं, बाकीचे वाजवत राहिले. काका मात्र मागं ओल्या मातीत पडलेले, हातात वायर तशीच.

चांगुणा आत्या, त्यांची धाकटी बहीण, तेव्हा स्टेजच्या कडेला उभी होती. दादानं मागून हाक मारून आपल्याला काहीतरी विचारलं होतं, गोंगाटात कळलं नाही, असं ती आजवर सांगत आली. घरच्यांनी तिला वेड्यात काढलं. आता तिचा डावा कान गेलाय, उजवाही जायच्या बेतात आहे.

“पिऊ, गाणी न्हाई ऐकायची मला,” ती म्हणाली होती. “दादा काय म्हणला, तेवढं काढून दे. कान हाय तवर.”

म्हणून ती त्या दुपारी बाहेरच्या बाकड्यावर येऊन बसली होती आणि मी आत.

आमच्या कामाची एक रीत आहे. नको असलेल्या आवाजाचा तुकडा मशीनला दाखवायचा, मग मशीन तसला आवाज गाण्यातून वेचून बाजूला काढतं. मी जनरेटरची घरघर दाखवली. गाणं इतकं स्वच्छ झालं की तारेवर नख घासल्याचंही ऐकू येत होतं. हाक मात्र कुठंच नव्हती. तीनदा ऐकलं. नव्हतीच.

आता आत्याला काय सांगू?

मग रीतीप्रमाणे मी बाजूला काढलेला कचरा ऐकायला घेतला. चुकून गाण्यातलं काही गेलं नाही ना, हे त्यावरून कळतं. नुसती घरघर. संथ, जड, संपता न संपणारी. जरा वेळानं मला डिझेलचा वास यायला लागला. तळघरात डिझेल कुठून येणार... मी नाकाला ओढणी लावली आणि तेवढ्यात त्या घरघरीच्या पोटातून माणसाचा आवाज आला.

“चांगुणे... लाईट आली का गं?”

मी हेडफोन कानावरून ओढून काढला. पळून जावंसं वाटलं, पण बाकड्यावर आत्या होती आणि तिच्या कानाला फार दिवस नव्हते. मी दार उघडलं, तिचा हात धरून तिला आत आणलं, एक हेडफोन तिच्या उजव्या कानाला लावला, दुसरा माझ्या.

तिनं तो दोन्ही हातांनी दाबून धरला. आवाज आला तेव्हा ती रडली नाही. मशीनकडे थोडी वाकली.

“आली रं दादा. कवाच आली.”

मग हेडफोन काढून ठेवला. झालं माझं काम, म्हणाली, आणि हलक्या पावलांनी बाहेर गेली.

माझा हेडफोन कानावरच होता. रेकॉर्डिंग संपलं होतं. स्क्रीनवरची रेघ मात्र पुढं सरकतच होती...

“मग मला का दिसंना?”

मी उठले नाही. त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं. सांगायला दुसरं होतं तरी कोण?

“काका,” मी म्हणाले, “मी प्रियदर्शनी. तुमच्या भावाची मुलगी. तुम्ही त्याच दिवशी गेलात. आता थांबू नका.”

मी शब्द एकही गिळला नाही. घरघर खाली खाली गेली. डिझेलचा वास इतका दाटला की डोळे चुरचुरायला लागले.

“आन् चांगुणा?”

“ती आहे. ती इथंच राहणार.”

एवढं बोलून मी तो आवाज कायमचा पुसला. मशीन बंद केलं, पिनसुद्धा भिंतीतून उपटली. बाहेर येऊन आत्याला हाक मारली. तिनं वळून पाहिलं नाही. खांद्याला हात लावला तेव्हा हसली. उजवा कान त्याच दुपारी गेला.

फिल्म लागली. लोकांनी शिट्ट्या मारल्या, रविकिरण सर रडले. आत्या पहिल्या रांगेत बसून नुसती बघत होती. डॉक्टरांनी पुन्हा तपासलं, आता तिला कशाचाच आवाज ऐकू येत नाही म्हणाले. घरात आम्ही तिच्याशी हातवाऱ्यांनी बोलतो.

परवा सगळे जेवत होतो. आत्याचा घास हातातच थांबला. तिनं मान तिरकी केली, मागच्या दाराकडे बघितलं आणि उंबऱ्यात कुणी ताटकळत उभं असावं तशी, अगदी सहज म्हणाली,

“येते की. हात तर धुऊ दे.”

मी उठले, दाराला कडी घातली आणि तिच्या ताटात आणखी अर्धी भाकर वाढली.