शेवटचं कोण?

आमच्या तोलेदोत ऑगस्टमध्ये दुपारी चार वाजता रस्त्यावर कुत्रंसुद्धा फिरकत नाही. दुकानांची शटरं खाली ओढलेली असतात, खिडक्यांच्या झडपा घट्ट लावलेल्या असतात आणि दगडी रस्ता इतका तापलेला असतो की चपलेतूनही चटका बसतो. अशा उन्हात जो बाहेर पडतो तो एक तर वेडा असतो, नाही तर टूरिस्ट. कासिल्दा मोरालेदा सव्वीस वर्षं गाइडचं काम करत होती, आणि या दोघांत फारसा फरक नाही असं तिचं पक्कं मत झालं होतं.

त्या गुरुवारी तिच्या वाट्याला पालेन्सियाहून आलेले अठरा पेन्शनर आले होते. त्यांची बस सहाला सुटणार होती, त्यामुळे गाव बघायचं तर चारच्या उन्हातच. कासिल्दा मिटलेली निळी छत्री उंच धरून पुढे चालली होती. तिच्या मागे माना पुसत, कुरकुरत ती मंडळी येत होती, आणि सगळ्यांच्या शेवटी रबरी चपला ओढत तिची धाकटी बहीण लेओकादिया. तिला सगळे लेओच म्हणत.

लेओ काही टूरिस्ट नव्हती. चार वर्षांपूर्वी तिच्या दोन्ही किडन्या गेल्या, तेव्हापासून ती कासिल्दाकडेच राहत होती. सोमवार, बुधवार, शुक्रवार डायलिसिस. माद्रिदच्या हॉस्पिटलात यादीत नाव लागलेलं होतं. किडनी मिळाली की ते फोन करणार, आणि हिने तो उचलून लगेच निघायचं. फोन उचलला नाही तर यादीतल्या पुढच्या माणसाला बोलावणार. त्यामुळे फोन अंघोळीच्या वेळीसुद्धा नळाशेजारी ठेवलेला असे. घरात एकटं बसलं की त्या फोनकडे बघून वेड लागायची पाळी येते, असं ती म्हणायची, म्हणून सुट्टीच्या दिवशी ग्रुपच्या मागे मागे चालायची. पाणी मोजूनच प्यायचं असल्यामुळे बरोबर थर्मासमध्ये गोठवलेली द्राक्षं असत. तहान लागली की एक चघळायची.

बंद खिडकीच्या बोळाशी सगळे थांबले. दोन्हीकडची घरं वरच्या वर एकमेकांना भिडल्यामुळे तो बोळ म्हणजे लांब भुयारच झालेला आहे. साठ-पासष्ट पावलांचा, आणि इतका अरुंद की एकामागे एकच जावं लागतं. कासिल्दाने छत्री खाली केली आणि शेकडो वेळा सांगितलेली गोष्ट सुरू केली.

प्लेगच्या वर्षी या बोळात नन्सच्या मठाची एक खिडकी होती. जोगिणी तिथून भाकरी द्यायच्या. एक बाई रोज यायची, रोज शेवटी उभी राहायची, आणि रोज तिच्या आधीच्या माणसाशी भाकरी संपायची. एके दिवशी रांग पुढे सरकली आणि ती सरकली नाही. उभ्या उभ्याच गेली होती. मग जोगिणींनी खिडकी विटा लावून बुजवून टाकली.

"ती अजून रांगेतच आहे म्हणतात," कासिल्दा म्हणाली. "जो तिला पुढे जाऊ देईल, त्याच्या वाट्याचं ती घेऊन जाते."

"कासिल्दाबाई, आत सावली आहे ना?" सातुरियो नावाचे एक जाडजूड गृहस्थ घाम पुसत म्हणाले. "मग एक सोडून चार भुतं असू देत."

"तुम्हाला बघून तीच पळतील," त्यांची बायको म्हणाली आणि सगळे हसले.

इथे एक गोष्ट सांगितली पाहिजे. आमच्याकडे लोक रांगेत उभे राहत नाहीत, रांग विचारतात. मासळीवाल्याकडे, औषधांच्या दुकानात, डॉक्टरच्या दाराशी, कुठेही शिरलं की विचारायचं, "शेवटचं कोण?" जो कोणी शेवटी आलेला असेल तो "मी" म्हणतो, आणि त्या क्षणापासून तुमचा नंबर त्याच्या मागे. मग खुशाल कोपऱ्यात जाऊन गप्पा मारा, तुमची जागा कोणी घेत नाही. आम्ही हे बोलायला लागतो तेव्हाच शिकतो, आणि उत्तर देताना कोणी विचार वगैरे करत नाही.

कासिल्दाला हे काम शिकवणारे म्हातारे एवारिस्तो यांचा एक नियम होता. गावभर गाइडने पुढे चालायचं, पण या बोळात सगळ्यांच्या मागे. टूरिस्टला शेवटी सोडायचं नाही, आणि मागून कोणी काही विचारलं तर तोंड उघडायचं नाही. का, म्हणून तिने विचारलं तेव्हा त्यांनी सिगरेट पेटवली आणि विषय बदलला. तिला तो म्हाताऱ्याचा चक्रमपणा वाटला होता, पण नियम ती पाळत आली होती.

"सरळ चालत जा. पलीकडे चौक आहे, आइस्क्रीमवाला आहे," तिने ग्रुपला आत सोडलं आणि लेओला थांबवलं. "तू वरच्या पायऱ्यांनी ये. आत फोनला रेंज नसते."

"त्या उन्हात पायऱ्या चढू? मारायचंय का मला?"

"लेओ, ऐक माझं."

"अगं, चार वर्षांत जो वाजला नाही तो नेमका या एका मिनिटात वाजणार? चल, तुझी कटकट आतल्या गारव्यात ऐकते." लेओने एक द्राक्ष तोंडात टाकलं आणि ती आत शिरली. तिच्या मागे, सगळ्यांत शेवटी, कासिल्दा.

आत एकदम अंधार झाला. डोळे उन्हाला सरावलेले, त्यामुळे काही पावलं तर काहीच दिसेना. ओल्या चुन्याचा वास आला, नेहमीचाच. पुढे पेन्शनरांची कुजबुज आणि काठ्यांची टकटक चालली होती, आणि अगदी समोर लेओच्या चपलांचा चटक चटक आवाज. हळूहळू नजर बसली तसे कासिल्दाला तिचे घोटे दिसले. दोन्ही सुजले होते. उद्या सिस्टरला सांगायला हवं, काल बहुतेक पाणी नीट काढलं नाही, असं तिच्या मनात आलं. जीव तुटत होता तिचा. ही पोर आपल्या आधी जाणार, या एका भीतीने गेली चार वर्षं तिला धड झोप लागली नव्हती.

"शेवटचं कोण?" मागून एका बाईने विचारलं.

"मी," कासिल्दा म्हणाली.

म्हणाली, आणि पुढची दोन-तीन पावलं तशीच चालली. मग तिचे पाय जागच्या जागी थिजले. मागे कोण असणार? मागे कोणीच नव्हतं. बोळाच्या तोंडाशी ती स्वतः उभी राहिली होती, शेवटचं माणूस आत जाईपर्यंत. आणि तो आवाज... तो काही भुताखेतासारखा नव्हता. मासळीच्या दुकानात ऐकू येतो तसा, साधा, जरा दमलेला.

पुढचा आवाज कमी होत गेला. काठ्यांची टकटक लांब गेली. चुन्याच्या वासात आता दुसरा वास मिसळला होता, भिजलेल्या लोकरीचा, आणि त्याखाली शिळ्या पिठाचा. मागे अनवाणी पाऊल पडलं... थांबलं... पुन्हा पडलं.

मागे वळायचं नाही, एवढं एकच तिला सुचत होतं.

"बाई..." आवाज आता मानेशी आला होता. "मला एकच वस्तू घ्यायचीय... तुमच्या आधी जाऊ का?"

हेही आम्ही रोज ऐकतो. हातात एकच पाव घेतलेली म्हातारी असते, आपली टोपली भरलेली असते, आपण म्हणतो जा की आजी. कासिल्दाच्या ओठांवर तेच शब्द आले होते. तिने दात आवळले आणि दोन्ही हात पसरून दोन्हीकडच्या भिंतींवर रोवले. भिंती घामेजल्या होत्या.

"नाही."

"एकच वस्तू हो..."

"नाही म्हटलं ना... माझ्या पुढे कोणी जायचं नाही."

गार श्वास मानेवर एकदा आला, गेला. मग अगदी समजूतदारपणे तो आवाज म्हणाला, "बरं... मी थांबते. मला सवय आहे."

वास गेला. कासिल्दा तशीच हात पसरून, भिंती चाचपत, एकेक पाऊल टाकत पुढे सरकली. समोर लेओची पाठ दिसत होती आणि त्यापलीकडे उजेडाचा तुकडा. तो तुकडा मोठा होत गेला आणि एकदाचं ऊन अंगावर आलं, तेव्हा तिला रडू फुटलं.

"बाई, आत झोप काढलीत की काय?" सातुरियो बाकावर पसरले होते. "माझी दोन आइस्क्रीम खाऊन झाली!"

चर्चच्या घड्याळात पावणेपाच झाले होते. साठ पावलं, आणि चाळीस मिनिटं. तिने डोकी मोजली. अठरा. लेओ धरून एकोणीस. सगळी जिवंत, सगळी घामाघूम, सगळी कुरकुरणारी. आयुष्यात पहिल्यांदाच तिला टूरिस्टांचं इतकं प्रेम आलं. तिने लेओला मिठी मारली आणि सोडेचना.

"अगं, गुदमरवतेस का? काय झालंय तुला?"

"काही नाही. ऊन लागलं."

"वाटलंच मला. म्हणूनच आत तशी वागत होतीस."

"कशी?"

"अशी काय विचारतेस? मागून म्हणालीस ना, लेओ, एकच काम आहे, तुझ्या आधी जाऊ का?" लेओ द्राक्ष चघळत म्हणाली. "मी म्हटलं जा बाई. भिंतीला चिकटून उभी राहिले. माझ्या हाताला धरून पुढे गेलीस. काय गार हात होता गं तुझा! फार बरं वाटलं. आणि बाहेर येऊन बघते तर तू माझ्या मागेच. मलाही ऊनच लागलं असणार."

कासिल्दा बाकावर बसली. "माझाच आवाज होता?"

"मग कोणाचा असणार?"

"फोन बघ," कासिल्दा म्हणाली. "लेओ, आधी फोन बघ."

लेओने पिशवीतून फोन काढला. माद्रिदचा नंबर होता, हॉस्पिटलचा. चार वाजून नऊ मिनिटांनी आलेला. पण हुकलेला नव्हता. उचललेला होता. दोन मिनिटं अकरा सेकंद बोलणं झालं होतं.

"मी तर पिशवीला हातसुद्धा नाही लावला," लेओ म्हणाली. तिचा चेहरा पांढरा पडला होता, पण डोळ्यांत चार वर्षांत न दिसलेलं काहीतरी चमकत होतं. "कासी, फोन आला होता! त्यांचा फोन आला होता गं!"

कासिल्दाने फोन हिसकावून घेतला आणि दोन पावलं लांब जाऊन तोच नंबर लावला. एका सिस्टरने उचलला. आवाज प्रेमळ होता.

"लेओकादिया मोरालेदा? हो हो, किडनी आहे त्यांच्यासाठी. काळजी करू नका, त्या येऊन बसल्याही."

"कुठे?"

"इथे, माझ्यासमोर. सव्वाचारलाच आल्या. माद्रिदमध्येच होत्या, नशीब म्हणायचं. रक्त घेतलंय, सगळं जुळतंय, आता आत नेतील."

"अहो, ती माझी बहीण नाही! माझी बहीण इथे आहे, तोलेदोत, माझ्याजवळ उभी आहे!"

"बाई, शांत व्हा. मी त्यांना चार वर्षं ओळखते." सिस्टर जरा दुखावली होती. "ओळखपत्र बघितलंय. डायलिसिसची हातातली शीर मी स्वतः तपासली, काय छान घुरघुरतेय. तुम्ही कोण म्हणालात?"

"बहीण. मोठी बहीण. त्यांना आत नेऊ नका... मी पाया पडते..."

"एक मिनिट हं, त्यांनाच विचारते."

पावलांचा आवाज गेला. लांबून कुजबुज ऐकू आली. चौकात पेन्शनर बस चुकेल म्हणून ओरडत होते. सिस्टर परत आली तेव्हा हसत होती.

"हो, म्हणतात, बहीण आहे. तुमचे खूप आभार मानलेत. आणि घाई करू नका म्हणाल्या. रांगेतली त्यांची शेवटची जागा आता रिकामी आहे, तिथे तुमच्या धाकटीला उभं करा म्हणे. मला काही कळलं नाही, तुम्हाला कळेल म्हणाल्या."

फोन बंद झाला. कासिल्दा लेओकडे धावली आणि तिने तिचा डावा हात धरला. कोपराच्या वर, डायलिसिससाठी जोडलेल्या शिरेवर बोटं ठेवली की तिथे रात्रंदिवस मांजराच्या छातीसारखी घुरघुर लागायची. ती असेपर्यंत डायलिसिस होतं, आणि डायलिसिस होतं तोवर लेओ होती. कासिल्दाने बोटं दाबली, मग तिथे कान टेकवला. त्वचेवर चार बोटांचा ओला पांढरा ठसा होता, पिठाच्या हातांनी धरल्यासारखा, आणि आत काहीही वाजत नव्हतं.

"काय म्हणाल्या गं?" लेओने तिच्या केसांवरून हात फिरवत विचारलं. "बोलावलं ना मला?"