तासिन आजीची सोबत

शेकोटीत एक ओंडका टाका आणि गप्प बसून ऐका. ही उडत आलेली गोष्ट नाही. वेरूम माझ्या थोरल्या भावाच्या वयाचा, आपल्या खोरव गावचा पोचव्या. पोचव्याचं काम तुम्ही जाणताच. माणूस गेलं की तिसऱ्या रात्री त्याचे जोडे हातात घ्यायचे, त्याच्यासोबत निरोपाच्या दगडापर्यंत चालायचं, जोडे तिथं ठेवायचे आणि म्हणायचं, "पोचलात. आता मी फिरतो." मग मागं वळून न बघता घरी. ही रीत कुणी मोडत नाही. वेरूमनं मोडली.

लोकर कातणारी तासिन आजी दंवमहिन्याच्या आठव्या दिवशी गेली. अंधाराला इतकी भ्यायची, की अंगणात जायचं तरी दिवा लागायचा. पोरं टवाळी करायची. जायच्या आदल्या दिवशी तिनं वेरूमचा हात धरला.

"हसू नकोस मेल्या. मला खरंच भीती वाटते रे. अर्ध्यात सोडू नकोस."

"आजी, तुम्हाला पोचवल्याशिवाय घोटभर पाणीही पिणार नाही," तो म्हणाला.

तिसऱ्या रात्री, म्हणजे महिन्याच्या दहाव्या दिवशी, बर्फ मी म्हणत होतं. घोड्यांच्या कुंडापाशी, म्हणजे बरोबर अर्ध्या वाटेवर, वेरूमची बोटं बधिर झाली. खाली गावात मित्राकडं सातूची दारू तापत होती. बघायला कोण येतंय? त्यानं जोडे कुंडाच्या काठावर ठेवले, "पोचलात" म्हणाला आणि फिरला.

सकाळी आजीची लेक रीतीप्रमाणे मधाची वाटी घेऊन आली.

"आई वाटेत घाबरली नाही ना, दादा?"

"छे! तरातरा चालल्या."

लेक डोळे पुसत हसली. वेरूमनं ती वाटी न चाखताच बाजूला ठेवली. दिवसभर त्याला स्वतःचीच शरम वाटत राहिली. म्हातारीनं आयुष्यात एकच गोष्ट मागितली होती, तीही त्याला जड झाली होती.

त्या रात्री, गाव निजल्यावर, तो कंदील घेऊन एकटाच निघाला.

जोडे कुंडावरच होते. त्यानं ते उचलले.

"आजी, चुकलो मी. चला..."



तो चालू लागला. वारा पडला होता. थोडं पुढं गेल्यावर त्याची डावी बाही कुणीतरी धरली. घट्ट. लहान मूल धरतं तशी.

"आजी...?"

त्यानं कंदील बाजूला धरला, तर कुणीच नाही.

"कालपासून तिथंच उभ्या होतात...?"

बाहीवरची पकड थरथरली. बस्स, तेवढंच. वेरूम रडत रडत चालला.

निरोपाचा दगड आला. त्यानं जोडे ठेवले. "पोचलात. आता मी फिरतो." बाही सुटली. त्याच्या छातीवरचं ओझं उतरलं. तो वळला...

आणि कंदील विझला.

काळाकुट्ट अंधार. एका बाजूला कडा. पाऊल उचलेना. मागं बघायचं नाही. पुढं दिसत नाही. 

मग...

बाही पुन्हा कुणीतरी धरली.

"आजी, नको... तुम्ही पोचलात. जा ना..."

पकड सुटली नाही. हळूहळू त्याला ओढत निघाली. वळणावर थांबायची. पुन्हा ओढायची.   दाराला हात लागला तेव्हाच बाही मोकळी झाली. वेरूम आत शिरला आणि त्यानं कडी घातली.

पहाटे त्याची बायको इलून दार उघडून बाहेर बघत राहिली.

"अहो, रात्री कुणाला घेऊन आलात?"

"का...?"

"जाताना तुमच्या एकट्याचीच पावलं आहेत. येताना शेजारी कुणाची तरी बारकी, अनवाणी. म्हातारं माणूस दिसतंय. दारापर्यंत आलंय, आणि परत गेलेलं दिसत नाही. आत नाही का घेतलंत?"

वेरूम दाराशी आला आणि ती पावलं बघत राहिला. त्यानंतर त्यानं कुणालाही पोचवलं नाही. माझ्या भावाजवळ एकदाच बोलला, "मी तिला अर्ध्यात सोडलं. तिनं मला नाही सोडलं. आणि मी कडी घातली रे."

आता तो नाही, इलूनही नाही. घराला कुलूप आहे. पण उद्या उजाडल्यावर जाऊन बघा. सगळं अंगण बर्फानं भरलेलं असतं, आणि दारासमोर दोन लहान पावलांपुरती जागा कोरडी असते.